हजेरीपटापासून खंडपीठापर्यंत

पश्चिम खानदेशात पांझरा नदी सह्याद्रीचे डोंगर सोडून सखल भूमीकडे वळते, त्या टापूत वसलेले पिंपळनेर हे गाव इंग्रजी अमदानीत एका संपूर्ण तालुक्याला आपले नाव देणारे होते. तो तालुका आज साक्री या नावाने धुळे जिल्ह्यात मोडतो. परंतु भोवतालच्या भिल्ल, कोकणा आणि मावची वस्त्यांचा व्यवहार अजूनही पिंपळनेरच्या बाजाराशी आणि तेथील सरकारी कचेऱ्यांशी बांधलेला आहे. वनखात्याच्या रोपवाटिका आणि जंगलाची राखण, लाटीपाड्याच्या धरणाचे पाट व चाऱ्या, डोंगरपट्ट्यातील शासकीय आश्रमशाळांची स्वयंपाकघरे, ही सर्व सरकारचीच कामे होत. आणि ती चालतात दोन प्रकारच्या माणसांच्या बळावर. एकाचे नाव सेवापुस्तकात असते. त्याला वेतनश्रेणी, रजा, बदली आणि निवृत्तिवेतन मिळते. दुसऱ्याचे नाव केवळ मुकादमाच्या किंवा वनपालाच्या हातातील हजेरीपटावर, म्हणजे लोकांच्या भाषेत 'मस्टर'वर, असते, आणि ज्या दिवशी ते नाव तेथे लिहिले जात नाही त्या दिवशी तो सरकारचा कोणीही नसतो.

याच पांझरेच्या काठी शतकानुशतके फड पद्धतीने पाणी वाटले गेले. त्या पद्धतीत पाटकरी आणि जागल्या यांना पाणी घेणारे शेतकरीच नेमीत, त्यांचा मेहनताना तेच ठरवीत आणि त्यांच्या कामातील कसुरीचा किंवा त्यांच्या तक्रारीचा निवाडाही त्याच मंडळींपुढे होई. कामावर ठेवणारा, काम घेणारा आणि इनसाफ करणारा असे तिघेही तेथे एकमेकांना तोंडओळखीने जाणत असत. शासन ही नेमणारी सत्ता झाल्यावर मात्र हा समोरासमोरचा संबंध संपला. हजेरी मांडणारा एक, निधी देणारा दुसरा, पद निर्माण करण्याचा अधिकार तिसऱ्याच्या हाती मंत्रालयात, आणि 'मला कायम करा' ही दरखास्त घेऊन उभा असलेला मनुष्य या तिघांपैकी कोणाकडेही गेला तरी तेथून उरलेल्या दोघांकडे बोट दाखविले जाणार, अशी ही रचना आहे. या रचनेतूनच न्यायालयीन कज्जे उद्भवतात, आणि त्यांचा निकाल कसा लागतो, प्रथम कोण लावतो, त्या निकालाची पुन्हा छाननी कोण आणि किती खोलवर करतो, हे समजून घेणे हे केवळ वकिलांचे काम आहे असे मला वाटत नाही.

मुळाशी एक खरा आणि गंभीर विरोध आहे. सरकारी पद ही कोणा अधिकाऱ्याची खाजगी मिळकत नव्हे. राज्यघटनेच्या चौदाव्या आणि सोळाव्या अनुच्छेदांनी ती सर्व नागरिकांना समान संधीने खुली असलेली गोष्ट ठरविली आहे. म्हणून जाहिरात, पात्रता, निवड, आरक्षणाचे पालन आणि अनुच्छेद ३०९ खालील सेवाप्रवेशाचे नियम यांच्या वाटेनेच तेथे प्रवेश व्हावा, हे म्हणणे सर्वथा न्याय्य आहे. कारण मागच्या दाराने एकाला घेतले की पुढच्या दाराशी रांगेत उभ्या असलेल्या, ज्याची कोणाशी ओळख नाही अशा दुसऱ्या गरिबाचा हक्क बुडतो. परंतु त्याच चौदाव्या अनुच्छेदाने शासनालाही मनमानी करण्यास बंदी केली आहे. आणि काम बारमाही आहे हे ठाऊक असून त्यावरच्या माणसाला पंधरा-वीस वर्षे 'हंगामी' म्हणवून घेणे, दर काही महिन्यांनी त्याच्या सेवेत मुद्दाम एक-दोन दिवसांचा खंड पाडणे आणि अखेरीस तो खंडच त्याच्याविरुद्ध पुरावा म्हणून पुढे करणे, यापेक्षा मोठी मनमानी कोणती, हा प्रश्नही तितकाच न्याय्य आहे. कायमपणाच्या सर्व खटल्यांचा इतिहास हा या दोन न्याय्य म्हणण्यांच्या ओढाताणीचा इतिहास आहे.

अशा सेवाविषयक तक्रारींनी उच्च न्यायालये तुंबून जाऊ लागली, तेव्हा १९७६ च्या बेचाळिसाव्या घटनादुरुस्तीने अनुच्छेद ३२३-क घालून स्वतंत्र प्रशासकीय न्यायाधिकरणांची तरतूद झाली आणि १९८५ मध्ये तदनुसार कायदा आला. महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, ज्याला कर्मचारी 'मॅट' म्हणतात, ८ जुलै १९९१ पासून मुंबई, नागपूर आणि औरंगाबाद येथे कार्य करू लागले. धुळे, जळगाव आणि पुढे १९९८ मध्ये धुळ्यातून वेगळा झालेला नंदुरबार या खानदेशी जिल्ह्यांतील राज्य कर्मचाऱ्यांची प्रकरणे औरंगाबादच्या, म्हणजे आजच्या छत्रपती संभाजीनगरच्या पीठापुढे चालतात. न्यायिक आणि प्रशासकीय अशा दोन्ही प्रकारचे सदस्य तेथे बसतात, कारण सेवानियमांची गुंतागुंत आतून जाणणारा मनुष्य निकाल देताना असावा, हा त्यामागचा हेतू होता. तक्रारीचे कारण घडल्यापासून साधारणतः एका वर्षात मूळ अर्ज दाखल करावा लागतो, आणि खात्यांतर्गत दाद मागण्याचे मार्ग त्यापूर्वी चोखाळावे लागतात. जिल्हा परिषदेचा नोकर मात्र या दारातून आत जाऊ शकत नाही, कारण तो राज्याच्या मुलकी सेवेत नसतो. आश्रमशाळा आदिवासी विकास खात्याची असेल तर मॅट, आणि शेजारचीच शाळा जिल्हा परिषदेची असेल तर थेट उच्च न्यायालय, अशी ही वाटणी आहे, आणि ती न कळल्यामुळे कित्येकांची उमेदीची वर्षे चुकीच्या दाराशी खर्ची पडली आहेत.

१९८५ च्या कायद्याने उच्च न्यायालयाचा अधिकार या क्षेत्रातून जवळजवळ पूर्णपणे काढून घेतला होता. न्यायाधिकरणाचा निर्णय मान्य नसेल तर थेट दिल्लीला, सर्वोच्च न्यायालयाकडे जावे, अशी व्यवस्था होती; वनमजुराने किंवा आश्रमशाळेतल्या कामाठ्याने दिल्ली गाठावी, हे कागदावर लिहिणे सोपे होते एवढेच तिच्याविषयी म्हणता येईल. १८ मार्च १९९७ रोजी सरन्यायाधीश अ. मु. अहमदी यांच्या अध्यक्षतेखालील सात न्यायमूर्तींच्या पीठाने एल. चंद्रकुमार प्रकरणात ही व्यवस्था मोडून काढली. उच्च न्यायालयांना अनुच्छेद २२६ व २२७ खाली असलेला न्यायिक पुनर्विलोकनाचा अधिकार हा घटनेच्या मूलभूत चौकटीचा भाग आहे, तो संसदेलाही हिरावून घेता येणार नाही, आणि म्हणून न्यायाधिकरणाने प्रथम निर्णय द्यावा, परंतु तो निर्णय त्या प्रदेशातील उच्च न्यायालयाच्या दोन न्यायमूर्तींच्या खंडपीठापुढे तपासणीस पात्र असावा, असा तो निकाल होता. त्यायोगे खानदेशच्या कर्मचाऱ्यासाठी अंतिम मुक्कामाचे ठिकाण पुष्कळच जवळ आले. मुंबई उच्च न्यायालयाचे औरंगाबाद खंडपीठ २७ ऑगस्ट १९८१ पासूनच तेथे भरत होते. जवळ आले हा शब्दही सापेक्षच समजावा. पिंपळनेरहून धुळे सुमारे पाऊणशे किलोमीटर, आणि तेथून चाळीसगाव मागे टाकून कन्नडचा घाट चढून जावयाचे ते आणखी दीडशे; रोजंदारीच्या माणसाला एका तारखेची किंमत निदान दोन दिवसांच्या मजुरीने मोजावी लागते.

आता या तपासणीचे स्वरूप. याविषयी सर्वसामान्यांच्या मनात जितका गैरसमज आढळतो तितका दुसऱ्या कोणत्याही मुद्द्याविषयी आढळत नाही. मॅटच्या निकालाविरुद्ध उच्च न्यायालयात जाणे म्हणजे अपील करणे नव्हे. अपिलात वरचे न्यायालय सर्व पुरावा नव्याने वाचते आणि खालच्या न्यायालयाच्या जागी स्वतःचे मत ठेवू शकते. पुनर्विलोकनात ते निर्णय कोणत्या रीतीने घेतला गेला हे पाहते. या भेदाची अत्यंत स्वच्छ मांडणी ज्या निकालात झाली तो सय्यद याकूब प्रकरणातील निकाल न्यायमूर्ती प्र. बा. गजेंद्रगडकर यांनी लिहिलेला आहे, आणि साताऱ्याच्या या विद्वानाने भारतीय कामगार न्यायशास्त्राची पायाभरणीही केली असल्यामुळे येथे त्यांचे स्मरण दुहेरी अर्थाने उचित आहे. त्यांच्या मांडणीचा आशय असा की, न्यायाधिकरणाने अधिकाराबाहेर जाऊन किंवा नैसर्गिक न्यायाची पायमल्ली करून निर्णय दिला असेल, अथवा त्याच्या निर्णयात कायद्याची चूक उघड दिसत असेल, तर उच्च न्यायालय हात घालील. परंतु वस्तुस्थितीविषयीचा निष्कर्ष केवळ चुकीचा वाटतो म्हणून तो फिरविणार नाही. मात्र ग्राह्य पुरावा विचारातच घेतला नाही, किंवा अग्राह्य पुराव्यावर भिस्त ठेवली, किंवा मुळीच पुरावा नसताना निष्कर्ष काढला, तर ती वस्तुस्थितीची चूक राहत नाही. ती कायद्याची चूक होते.

हे सूत्र पिंपळनेरच्या वनपरिक्षेत्रातील एखाद्या काल्पनिक वनमजुराला लावून पाहावे. त्याने अमुक वर्षी २४० दिवस काम केले की २१०, हा वस्तुस्थितीचा प्रश्न झाला. न्यायाधिकरणाने हजेरीपट पाहून २१० म्हटले असेल तर खंडपीठ बहुधा तेथेच थांबेल. पण हजेरीपट खात्याच्या ताब्यात असताना खात्याने तो हजरच केला नाही, आणि तरीही 'अर्जदाराने दिवस सिद्ध केले नाहीत' एवढ्यावर अर्ज फेटाळला गेला, तर ज्याच्या हाती दफ्तर आहे त्याने ते दडवून ठेवावे आणि त्याचा लाभ त्यालाच मिळावा हे योग्य आहे काय, हा प्रश्न खंडपीठाला विचारता येतो. उलट बाजूनेही हेच खरे. पद मंजूर होते की नाही याची चौकशी न करता न्यायाधिकरणाने केवळ दीर्घ सेवेकडे पाहून कायम करण्याचा हुकूम दिला, तर शासनाच्या रिट याचिकेवर तो हुकूम टिकणे कठीण. म्हणून हजेरीपटाच्या नकला, मजुरीच्या पावत्या, साहेबाने कधी काळी लिहून दिलेला अनुभवाचा दाखला, हे जीर्ण कागद या खटल्यांत वकिलाच्या वक्तृत्वाहून अधिक मोलाचे ठरतात, आणि ते पहिल्याच पायरीवर, म्हणजे न्यायाधिकरणापुढे, दाखल व्हावे लागतात. कारण वर गेल्यावर नवा पुरावा मांडण्याची मुभा सहसा मिळत नाही.

२४० दिवसांच्या या आकड्याविषयीही दोन शब्द सांगितले पाहिजेत. वर्षात २४० दिवस भरले की माणूस आपोआप कायम झाला, अशी समजूत गावोगाव आहे. औद्योगिक विवादांच्या १९४७ च्या कायद्यात हा आकडा आला तो कामगार-कपातीपूर्वी नोटीस आणि भरपाई मिळावी या संरक्षणासाठी. तेवढ्याने सरकारी पदावर हक्क सांगता येत नाही. तो आकडा कायमपणाला जोडला जातो तेव्हा तो एखाद्या विशिष्ट स्थायी आदेशामुळे किंवा शासन निर्णयामुळे जोडला जातो, आणि तो आदेश आपल्या आस्थापनेला लागू आहे हे आधी दाखवावे लागते.

यानंतर येतो १० एप्रिल २००६ चा तो निकाल, ज्याचे नाव गेली दोन दशके प्रत्येक रोजंदारी कर्मचाऱ्याच्या कानावर पडत आले आहे. कर्नाटक राज्य विरुद्ध उमादेवी या प्रकरणात पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठासाठी न्यायमूर्ती बालसुब्रमण्यन यांनी लिहिलेला हा निकाल सांगतो की, निवडीची घटनात्मक वाट टाळून झालेल्या नेमणुका केवळ काळ लोटला म्हणून कायम होत नाहीत, आणि उच्च न्यायालयांनी अनुच्छेद २२६ खाली असे कायम करण्याचे आदेश सर्वसाधारणपणे देऊ नयेत. तथापि त्याच निकालाच्या त्रेपन्नाव्या परिच्छेदात एक अपवाद आहे. नेमणूक बेकायदेशीर नसून केवळ अनियमित असेल, पद मंजूर व रिक्त असेल, मनुष्य पात्रताधारक असेल, आणि न्यायालयाच्या किंवा न्यायाधिकरणाच्या अंतरिम आदेशाच्या आधाराविना त्याने दहा वर्षे वा अधिक सेवा केली असेल, तर सरकारांनी एकवेळची कार्यवाही म्हणून अशांना नियमित करावे, आणि ती कार्यवाही सहा महिन्यांत सुरू करावी, असे तेथे म्हटले आहे. पुढे ऑगस्ट २०१० मध्ये एम. एल. केसरी प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की, एखाद्या खात्याने ही कार्यवाही केलीच नाही तर ती करण्याच्या कर्तव्याची मुदत संपली असे होत नाही, आणि पात्र माणसाचा हक्क खात्याच्या निष्क्रियतेने नाहीसा होत नाही.

अनियमित आणि बेकायदेशीर यांमधील रेषा कोठे ओढावयाची, यावरच पुढले बहुतेक खटले झाले. निवडीच्या पद्धतीत एखादी कसर राहिली ती अनियमितता. परंतु पात्रताच नव्हती, पदच नव्हते, किंवा स्पर्धेला वावच दिला नव्हता, तर ती बेकायदेशीर नेमणूक. उमादेवी प्रकरणाचा निकाल ज्या दुखण्यावर होता ते दुखणे खरे होते: वशिल्याने माणसे भरावयाची आणि मागाहून त्यांना कायम करावयाचे. माझा आक्षेप निकालावर नाही, त्याच्या वापरावर आहे. शासनाच्या कैफियतींतून तो निकाल पहिल्या परिच्छेदापासून बावन्नाव्यापर्यंत उद्धृत होत राहिला आणि त्रेपन्नावा मात्र वगळला गेला. वशिल्याच्या उमेदवाराविरुद्ध घडविलेले शस्त्र, ज्याला जंगलात खड्डे खोदण्यासाठी वनपालाने बोलावून नेले त्या भिल्लाविरुद्ध उगारले गेले. खड्डे खोदण्याच्या त्या कामाची जाहिरात द्यावयाची कोणी होती, आणि ती दिली नाही हा दोष कोणाचा, हे विचारले गेले पाहिजे होते.

महाराष्ट्रात हा प्रश्न विचारला गेला, आणि तो मॅटच्या नव्हे, दुसऱ्याच एका दारातून विचारला गेला. १९७१ चा महाराष्ट्र कामगार संघ मान्यता आणि अनुचित कामगार प्रथा प्रतिबंध कायदा हा आपल्या राज्याचा अभिमानास्पद कायदा आहे. त्याच्या चौथ्या अनुसूचीतील सहावी बाब अशी की, कामगारांना बदली, नैमित्तिक वा हंगामी म्हणून नेमून, कायम कामगाराचे हक्क त्यांना मिळू नयेत या हेतूने वर्षानुवर्षे तसेच ठेवणे ही अनुचित प्रथा होय. येथे प्रश्नाची दिशाच पालटते. मॅटपुढे विचारले जाते की या माणसाला पदावर हक्क आहे काय. औद्योगिक न्यायालयापुढे विचारले जाते की मालकाने त्याला हंगामी का ठेवले. पुणे आणि अहमदनगर या जिल्ह्यांत वनखात्याच्या आणि सामाजिक वनीकरणाच्या कामावर वर्षानुवर्षे राबलेल्या मजुरांनी हेच दार ठोठावले. वनखाते हा 'उद्योग' नव्हेच, ते सार्वभौम सत्तेचे कार्य आहे, असे शासनाने सर्वोच्च न्यायालयापर्यंत सांगून पाहिले. परंतु डिसेंबर १९९५ च्या निकालात न्यायालयाने पुण्याजवळच्या पाचगाव पर्वती योजनेसारख्या कामांचे स्वरूप पाहून ते म्हणणे अमान्य केले, मजुरांना पाच-सहा वर्षे हंगामी ठेवण्यामागे कायमपणाचे लाभ नाकारण्याचाच हेतू होता हा औद्योगिक न्यायालयाचा निष्कर्ष उचलून धरला, आणि ज्यांना किमान वेतनही धडपणे मिळत नाही त्यांना कायम केल्याने तिजोरीवर भार पडेल हा युक्तिवाद मानला नाही. पुनर्विलोकन करणाऱ्या न्यायालयाने तथ्यांविषयी संयम पाळला की तो दुर्बलाच्या बाजूनेही कसा उभा राहतो, याचे हे उत्तम उदाहरण होय. खालच्या न्यायालयाने पुराव्यावरून काढलेला हेतूचा निष्कर्ष होता, म्हणूनच तो टिकला.

उमादेवी निकालानंतर हे दारही बंद झाले काय? तसे शासनाने आणि महामंडळांनी म्हणून पाहिले. एसटीच्या सफाई कामगारांसाठी कास्ट्राईब राज्य परिवहन कर्मचारी संघटनेने लढविलेल्या प्रकरणात ऑगस्ट २००९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने नकारार्थी उत्तर दिले. उमादेवी निकाल हा उच्च आणि सर्वोच्च न्यायालयांच्या रिट अधिकाराला घातलेली मर्यादा आहे. १९७१ च्या कायद्याच्या तिसाव्या कलमान्वये अनुचित प्रथा सिद्ध झाल्यावर उपाययोजना करण्याचा औद्योगिक व कामगार न्यायालयांचा अधिकार त्याने हिरावून घेतलेला नाही. पदे अस्तित्वातच नसतील तर न्यायालय ती निर्माण करू शकत नाही, ही मर्यादा मात्र कायम राहिली. राहुरीच्या महात्मा फुले कृषी विद्यापीठाच्या मजुरांच्या २००१ मधील प्रकरणात, पदनिर्मितीचा अधिकारच विद्यापीठाला नव्हता म्हणून अनुचित प्रथेचा ठपका त्याच्यावर ठेवता आला नाही. कायदेशीर दृष्ट्या हे सुसंगत असेल. परंतु ज्याच्या हाती पदे निर्माण करणे होते ते शासन आणि ज्याच्या शेतात माणूस राबला ते विद्यापीठ, या दोहोंच्या मधल्या फटीतून मजुराचा हक्क निसटला, ही माझी खंत आहे.

न्यायालयांच्या या रेट्यामुळेच शासनाला वेळोवेळी स्वतः निर्णय घ्यावे लागले, आणि ते निर्णय मग पुढील खटल्यांचे मूळ बनले. पाटबंधारे आणि सार्वजनिक बांधकाम या खात्यांतील रोजंदारी कामगारांना १९६७ च्या कालेलकर निवाड्याने पाच वर्षांच्या सलग सेवेनंतर रूपांतरित अस्थायी आस्थापनेवर येण्याची वाट करून दिली; धरणांच्या पाटांवर आणि रस्त्यांवर झिजलेल्या एका पिढीला तिचा आधार मिळाला. वनखात्यासाठी ३१ जानेवारी १९९६ च्या शासन निर्णयाने १ नोव्हेंबर १९९४ रोजी पाच वर्षे, प्रतिवर्षी २४० दिवस, ही कसोटी ठरविली. त्या दिनांकानंतर पात्र झालेले तसेच राहिले, म्हणून १६ ऑक्टोबर २०१२ रोजी दुसरा निर्णय निघाला आणि १ नोव्हेंबर १९९४ ते ३० जून २००४ या काळातील सेवा, सलग असो वा तुटक, मोजावयाचे ठरले. रोजगार हमीच्या कामावरील दिवस मात्र वगळले गेले. आदिवासी पट्ट्यातल्या मजुराला ही अट जाचक ठरते. रोपवाटिका तीच, वनपाल तोच, कुदळही तीच. परंतु पैसा कोणत्या लेखाशीर्षाखालून आला हे मजुराला ना कधी सांगितले गेले ना विचारता आले, आणि वीस वर्षांनी त्याचे भवितव्य मात्र त्या लेखाशीर्षावर अवलंबून राहिले.

सुशिक्षित कंत्राटी कर्मचाऱ्यांच्या बाबतीत चित्र थोडे वेगळे आहे. शासकीय तंत्रनिकेतनांतील कंत्राटी अधिव्याख्याते जाहिरात, मुलाखत आणि निवड समिती या वाटेने आले होते. त्यांच्या नेमणुकीला मागचे दार म्हणता येत नव्हते, आणि पदे मंजूर व रिक्त होती. मॅटपुढे त्यांना यश आले नव्हते. ऑक्टोबर २०१३ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने तो निर्णय बदलून तीन वर्षे सेवा झालेल्यांना नियमित करण्याचा आदेश दिला आणि सर्वोच्च न्यायालयाने २०१५ च्या आरंभी त्यात हस्तक्षेप केला नाही. न्यायाधिकरणाने उमादेवी निकालाचे नाव पाहिले, खंडपीठाने त्या निकालाचे प्रयोजन आणि समोरच्या नेमणुकांचे स्वरूप पाहिले, असा हा फरक होता. आणि कायद्याची चूक म्हणजे काय, हे समजण्यास याहून चांगला दाखला महाराष्ट्रात मला तरी माहीत नाही.

अलीकडे सर्वोच्च न्यायालयाचा सूरही पालटला आहे. केंद्रीय जल आयोगाच्या फरीदाबाद येथील कचेरीत झाडलोट आणि बागकाम करणाऱ्या कर्मचाऱ्यांचा अर्ज केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरणाने २०१८ मध्ये फेटाळला; त्यानंतर त्यांना कामावरून कमी करण्यात आले; दिल्ली उच्च न्यायालयातही त्यांना दाद मिळाली नाही. २० डिसेंबर २०२४ रोजी न्यायमूर्ती विक्रम नाथ आणि न्यायमूर्ती प्रसन्न वराळे यांनी जग्गो विरुद्ध भारत सरकार या प्रकरणात हे दोन्ही निर्णय बाजूला सारून त्यांना नियमित करण्याचा आदेश दिला. कामाचे स्वरूप नित्य व अत्यावश्यक असताना 'अर्धवेळ' वा 'कंत्राटी' ही लेबले लावून जबाबदारी टाळता येत नाही, आणि उमादेवी निकाल हा दीर्घ सेवेला चिरडण्याचे साधन नव्हे, हा त्या निर्णयाचा गाभा. ऑगस्ट २०२५ मध्ये उत्तर प्रदेशातील धरम सिंग प्रकरणात याच न्यायालयाने आर्थिक टंचाईचे कारण आणि पदनिर्मितीचे प्रस्ताव फेटाळण्याची सरकारी रीतही तपासणीला पात्र आहे असे म्हटले. राहुरीच्या मजुरांचा हक्क ज्या फटीतून निसटला होता, ती फट बुजविण्याच्या दिशेने हे पहिले पाऊल आहे असे मी समजतो. परंतु पाच न्यायमूर्तींचा उमादेवी निकाल दोन न्यायमूर्तींना बदलता येत नाही, त्याचा अर्थ लावता येतो. त्यामुळे प्रत्येक प्रकरण आपल्या तथ्यांवर तरेल किंवा बुडेल.

याच काळात शासनाने बाह्यस्रोताचा मार्ग अधिकाधिक पत्करला आहे. आश्रमशाळांतील रोजंदारी कर्मचाऱ्यांनी त्याविरुद्ध २०२५ मध्ये नाशिकच्या आदिवासी विकास भवनासमोर बिऱ्हाड मांडले, ते याच कारणास्तव. ठेकेदार मध्ये आला की सरकार म्हणते, हा आमचा नोकरच नव्हे. मग कायमपणाच्या प्रश्नाच्या आधी, खरा मालक कोण, हा प्रश्न सोडवावा लागतो, आणि त्यासाठी कंत्राट खरे की केवळ नावाचे, याचा पुरावा गोळा करावा लागतो. अशा स्थितीत ज्याला कायमपण मिळू शकत नाही त्याला निदान समान कामाचे समान दाम मागता येते; सर्वोच्च न्यायालयाच्या ऑक्टोबर २०१६ मधील जगजित सिंग निकालाने हंगामी कर्मचाऱ्यालाही, काम तेच असेल तर, नियमित वेतनश्रेणीचे किमान वेतन देय ठरविले आहे.

राहिला प्रश्न आदेशाच्या स्वरूपाचा. न्यायाधिकरण पुष्कळदा 'अर्जदाराच्या दाव्याचा विचार करावा' एवढाच हुकूम देते. खाते विचार करते, पुन्हा नकार कळविते, आणि नवा अर्ज सुरू होतो. खंडपीठानेही प्रकरण परत पाठविले की आणखी काही वर्षे जातात. म्हणून, तथ्ये निर्विवाद असतील तेथे वरच्या न्यायालयाने परत न पाठविता स्वतःच निश्चित आदेश द्यावा आणि तो कोणत्या दिनांकापासून लागू होईल हेही त्यात लिहावे, असे मला आग्रहाने वाटते. कारण महाराष्ट्रात सर्वसाधारणपणे १ नोव्हेंबर २००५ पूर्वी नेमणूक झालेल्याला जुने निवृत्तिवेतन आहे, आणि २०१२ च्या निर्णयाने वनमजुरांना कायम केले ते १ जून २०१२ पासून. १९९० च्या दशकापासून राबलेला मनुष्य त्यामुळे कागदोपत्री नवा नोकर ठरला. मागची सेवा निवृत्तिवेतनासाठी मोजावी यासाठी आता निराळे कज्जे चालतात. महाराष्ट्राच्या १९८२ च्या निवृत्तिवेतन नियमांतील सत्तावन्नाव्या नियमाखाली, आकस्मिक खर्चातून वेतन घेणारा मनुष्य त्याच्या पदाच्या रूपांतराने नियमित आस्थापनेवर आला तर त्याची पूर्वीची निम्मी सलग सेवा धरली जाते. सर्वोच्च न्यायालयाने २०१९ मध्ये प्रेम सिंग प्रकरणात उत्तर प्रदेशच्या कार्यव्ययी आस्थापनेवरील कर्मचाऱ्यांची पूर्वसेवा संपूर्ण धरण्यास सांगितले. वनमजुराला यांपैकी कोणता लाभ लागू होईल हे त्याच्या आदेशातील शब्दांवर, आणि त्या शब्दांमागे उभ्या असलेल्या हजेरीपटाच्या पानांवर ठरते. ती पाने मिळविण्याचा अर्ज माहितीच्या अधिकाराखाली वनक्षेत्रपालाच्या कचेरीत आजही करता येतो, आणि तो कायम होण्याच्या दरखास्तीपूर्वीच केला पाहिजे.